डावा कान

तिने चेलो गुडघ्यांमध्ये धरला, हेडफोनची डावी वाटी कानामागे सरकवली आणि गज तारेवर टेकवला. उजव्या कानात सिनेमा होता, डाव्या कानात पाळणा.

ही सवय नेमकी कधी लागली ते तिने कुणाला सांगितलं नसतं. टेबलाच्या डाव्या हाताला दार, दारापलीकडे बाहेरची खोली, तिथे खिडकीपाशी पाळणा आणि पाळण्यात गोटी. गोटी हे काही मुलीचं खरं नाव नव्हे. पण जन्मली तेव्हा इतकी गोल आणि गुळगुळीत होती की खरं नाव कुणाच्या तोंडी बसेचना. गोटी सकाळी एकदा झोपायची, दुपारी एकदा, आणि या दोन झोपांमध्ये तिची आई सिनेमांना संगीत द्यायची.

सिनेमे म्हणजे नाचगाण्यांचे नव्हेत. मित्रमंडळी जमवून, चौघांचं काम एकाने अंगावर घेत उभे केलेले. त्यांत गाणी नसत. दोन माणसं न बोलता समोरासमोर बसली की त्या न बोलण्याच्या खाली काहीतरी अंथरायचं, एवढंच तिचं काम. असं काहीतरी, की असताना कुणाच्या लक्षात येऊ नये आणि काढलं तर खालची खुर्ची ओढून घेतल्यासारखं व्हावं.

फोन टेबलावर थरथरला. तिने गज खाली ठेवला. घाईचा फोन.

घाई म्हणजे दिग्दर्शिका, तिची कॉलेजपासूनची मैत्रीण. ती जेवायचीसुद्धा उभ्याने, म्हणून हे नाव तिच्या नवऱ्याने ठेवलं होतं आणि आता खुद्द घाईसुद्धा फोनवर ‘मी घाई’ असंच म्हणे.

"पटकन बोल," ती कुजबुजली. "गोटी झोपलीये."

"मला दुसरं येतं कुठे? ऐक. शेवटचा प्रसंग मोठ्या स्पीकरवर ऐकला. सगळ्यांनी."

"मग?"

"उजवीकडे काय जीव ओतलायस गं. पण डावीकडे शुकशुकाट! आमच्या ध्वनीवाल्याने दोनदा वायर उपटून परत लावली. त्याला वाटलं, स्पीकर गेला."

तिचा हात डाव्या वाटीकडे गेला.

"आणि मध्येच काहीतरी करकरतं. खाट म्हण, बैलगाडी म्हण."

"पाळणा," ती म्हणाली.

"असू दे. पण डावीकडे दार आहे, राणी. सगळा प्रसंग त्या दारावर आहे. तिथून काहीच आलं नाही तर प्रेक्षक नुसत्या फळीकडे बघत बसणार." घाईने श्वास घेतला. मैत्रिणीने असा श्वास घेतला की पुढे अवघड वाक्य असतं, हे तिला ठाऊक होतं. "मी गुरुवारपर्यंत थांबते. शुक्रवारी सिनेमा महोत्सवाला पाठवायचाय. नाही जमलं तर तेवढा प्रसंग कोरडाच ठेवीन, संगीताशिवाय. रागावू नकोस."

"नाही रागावत."

"रागव थोडीशी. रागावलीस की चांगलं वाजवतेस."

फोन बंद झाला. तिने पडद्यावर तो प्रसंग पुन्हा लावला. कित्येक वर्षांनी मुलगी पहाटे घरी येते. उजवीकडे स्वयंपाकघरातलं टेबल. डावीकडे अर्धवट उघडं दार, आत काळोख, काळोखात तिची आई झोपलेली. मुलगी तिला उठवत नाही. पाणी पिते, पेला आवाज न करता टेबलावर ठेवते आणि बसून राहते. दारातून कुणीही बाहेर येत नाही. सिनेमा संपतो.

तिने हेडफोनच्या दोन्ही वाट्या कानांवर नीट बसवल्या आणि स्वतःचंच काम पहिल्यांदा पुरतं ऐकलं. घाई सौम्यच बोलली होती. उजव्या बाजूला तिने जावळ विंचरावं तसा एकेक सूर विंचरला होता, आणि डावी बाजू सावत्र पोरासारखी कोपऱ्यात उभी होती. अर्ध्या कानाने केलेलं काम अर्धंच झालं होतं, आणि हे तिला कळायला दुसऱ्याचा स्पीकर लागला.

यात चूक होतीच. पण तिला खरी धडकी भरली ती दुसऱ्याच गोष्टीने. गोटी झाल्यानंतरचं हे पहिलं काम. मधल्या काळात ‘आता कुठे जमणार तिला’ असं बरेच जण म्हणाले होते, आणि प्रत्येकाला तिने हसून उत्तर दिलं होतं. हा प्रसंग कोरडा राहिला तर त्या लोकांना काय वाटेल याची तिला फिकीर नव्हती. तिला स्वतःलाच ते पटेल, याची होती.

ती पुन्हा दोन्ही वाट्या लावून बसली. पाण्यात बुडी मारल्यासारखं झालं. खोली गेली, दार गेलं, पलीकडची खोली गेली. क्षणभरच. मग हात आपोआप वर गेला आणि डावी वाटी कानामागे सरकली.

गोटी रडली नव्हती. झोपेत फक्त ओठ चोखत होती.

घरात मदतीला कुणी नव्हतं असं मुळीच नाही. सासूबाई होत्या. सिनेमाचं काम आलं तशा स्वतःहून पिशवी उचलून आल्या होत्या. "तू तुझी करवत चालव, मी पोर बघते," असं दारातच म्हणाल्या होत्या. चेलोला त्या करवत म्हणत. सगळा जन्म त्यांनी कापडाच्या कारखान्यात काढला होता, मागांच्या खडखडाटात. "माझे निम्मे कान मागांनी खाल्ले, उरलेले तुझ्या सासऱ्यांनी," असं त्या येईल-जाईल त्याला ऐकवत, आणि स्वतःला ऐकू यावं म्हणून इतक्या मोठ्याने की खालच्या मजल्यावरचे लोकही हसत. कानात घालायचं यंत्र होतं, डबीत. त्यात म्हणे कुणीतरी सारखी भांडी आपटतं.

आल्यानंतरच्या पहिल्याच आठवड्यातली गोष्ट. ती न्हाणीघरात होती, डोक्याला साबण, आणि भिंतीपलीकडून गोटीचं रडणं ऐकू आलं. थांबेल, सासूबाई घेतील, म्हणून तिने वाट पाहिली. रडणं चढत गेलं. ती तशीच निथळत धावली. पाळण्यात गोटी लालबुंद झाली होती, आणि हातभर अंतरावर सासूबाई खिडकीकडे तोंड करून शांतपणे लोकर विणत होत्या. ओली पावलं दिसली तेव्हा त्यांनी वर पाहिलं.

"अगं, काय झालं?"

"काही नाही हो आई, आत्ताच उठली," असं म्हणून तिने विषयावर झाकण ठेवलं. सासूबाईंनी त्या दिवशी जेवताना मान वर केली नाही. दोघींपैकी कुणीही ती गोष्ट पुन्हा काढली नाही. फक्त तिचा डावा कान त्या दिवसापासून उघडाच राहिला.

दुपारी जेवताना सासूबाईंनी विचारलं, "काय म्हणाली तुझी घाई?"

"काम अर्धवट झालंय म्हणाली."

"तू? अर्धवट?"

"एकाच कानाने ऐकत होते मी, आई."

"मग दुसरा कुठे होता?"

 तिची नजर पाळण्याकडे गेली, आणि त्या नजरेमागोमाग सासूबाईंचीही गेली. मग त्या पानातला शेवटचा घास बराच वेळ चावत राहिल्या.

"हं," एवढंच म्हणाल्या.

दुसऱ्या दिवशी सकाळी गोटी झोपली. ती टेबलापाशी बसली, दोन्ही वाट्या लावल्या, आणि कालच्यासारखाच हात वर गेला. या वेळी हेडफोन काढून ती सरळ बाहेरच्या खोलीत गेली. एकदा डोळ्यांनी बघून यावं, म्हणजे मन गप्प बसेल.

सासूबाई खुर्चीत बसून विणत होत्या, पाळण्याकडे पाठ करून. म्हणजे पुन्हा तेच. ती काही बोलणार इतक्यात तिला पिवळी लोकर दिसली. पाळण्याच्या कठड्याला गाठ मारलेली, जमिनीवरून हलकेच उचललेली, खुर्चीच्या हातावरून गेलेली. मग ती सासूबाईंच्या डाव्या मनगटाला बांधून मांडीवरच्या गुंड्यात गेलेली होती.

तिने पुढे होऊन त्यांच्या खांद्याला हात लावला.

"आई, हे काय?"

"टेलिफोन," सासूबाई म्हणाल्या.

ती हसली. त्या हसल्या नाहीत, सुईवरची घरं मोजत होत्या. ओळ संपवून मग म्हणाल्या,

"कारखान्यातल्या पाळीवरून घरी आले तरी कानात माग चालूच असायचा बाई. हा तान्हा इकडे बोंबलतोय आणि मी भाजी चिरतेय. शेजारीण येऊन सांगायची, अगं, तुझं पोर आकांत करतंय! मग बांधली दोरी. पाळणा हलला की मनगट ओढायचं. तुझा नवरा दोरीवर वाढलाय. म्हणून तर असा सरळ निघाला."

"आणि तुम्हाला डुलकी लागली तर?"

"डुलकीतच तर कामाला यायची. तू ओढून बघ."

"नको, उठेल ती."

"बघ म्हणते ना."

तिने एका बोटाने पाळण्याच्या कडेला अगदी हलका धक्का दिला, वाऱ्यानेही जास्त हलला असता एवढाच. सासूबाईंच्या हातातली सुई थांबली. त्यांनी मागे वळून पाहिलं तेव्हा पाळणा अजून परत यायचा होता.

 मग सासूबाई सुईकडे बघत म्हणाल्या, "त्या दिवशी बांधली नव्हती. म्हटलं, नव्या घरातली रीत निराळी. तू म्हणशील, सासूने पोरीला दावणीला बांधलं."

 तिने तोंड उघडण्याआधीच सासूबाईंनी मोकळा हात हलवून तिला दाराकडे पिटाळलं.

"झोपलीये. तू ऐक."

ती टेबलापाशी परत आली आणि दोन्ही वाट्या लावल्या. पाणी पुन्हा डोक्यावरून गेलं. हात वर उठला, अर्ध्या वाटेवर थांबला आणि तिने तो गजावर ठेवला.

आधी तिने जे येईल ते डावीकडे भरलं. काचेच्या पेल्याच्या काठावरून फिरवलेलं ओलं बोट. तारेवर नुसताच घासलेला गज. वरच्या पट्टीतले दोन सूर, एकमेकांना चुकवत जाणारे. प्रत्येक गोष्ट चांगली होती आणि प्रत्येक गोष्ट त्या दारासमोर कुणीतरी आणून ठेवलेल्या सामानासारखी वाटत होती. दार काही उघडेना. तिने एकेक करून सगळं बाहेर काढलं. उरली ती रिकामी डावी बाजू, पण कालच्यासारखी विसरलेली नव्हे. ती झाडून पुसून रिकामी केलेली होती. आता त्या काळोखात झोपलेली बाई होती. तिला उठवायचं नव्हतं. ती आहे एवढंच कळायला हवं होतं.

पडद्यावर मुलीने पेला टेबलावर ठेवला. तिने चेलोची सर्वांत जाड तार घेतली आणि गज इतका सावकाश ओढला की सूर ऐकू येण्याआधी गुडघ्यांना समजला, मग खुर्चीला, मग पायांखालच्या फरशीला. एकच सूर. आला, थोडा थांबला, गेला. पुन्हा आला नाही.

तिने तो घेतला, ठेवला, काढला, पुन्हा घेतला. पेला आणि सूर यांच्यामध्ये किती शांतता हवी हे शोधण्यात किती वेळ गेला ते तिला कळलं नाही. कित्येक महिन्यांत पहिल्यांदाच कळलं नाही.

हेडफोन काढले तर घरात चिटपाखरू नव्हतं. ती धडपडत बाहेर आली. खुर्ची रिकामी. पाळणा रिकामा. पिवळी लोकर कठड्यावरून उतरून गच्चीच्या दाराकडे गेली होती.

"आई!"

ऐकू येणार नाही हे हाक मारल्यावर आठवलं. ती गच्चीच्या दाराशी धावली. तिथे सासूबाई वाळत घातलेल्या चादरींच्या सावलीत बसल्या होत्या आणि त्यांच्या मांडीवर गोटी लोकरीचा गुंडा दोन्ही हातांनी धरून चावत होती.

"आलीस? उठली, रडली, ओलं केलं, दूध प्यायली, माझं नाक उपटलं. आता पुढचा कार्यक्रम चालू आहे."

"रडली? मला ऐकूच नाही आलं."

"मग बरंच झालं की."

तिने गोटीला उचललं. गोटीने आईकडे पाहून न पाहिल्यासारखं केलं आणि पुन्हा गुंड्याकडे झेप घेतली. तिला जरासं टोचलं. आपल्यावाचून इतकं सगळं होऊन गेलं! आणि त्याच क्षणी खांद्यांवरचं ओझं कुणीतरी हलकेच उतरवून घेतल्यासारखं झालं. दोन्ही गोष्टी खऱ्या होत्या. कोणती आधी आणि कोणती मागून, हे ठरवायच्या भानगडीत ती पडली नाही.

"मघाशी शेवटी काय वाजवत होतीस गं?" सासूबाईंनी विचारलं.

"तुम्हाला ऐकू आलं?"

"ऐकू कसलं येतंय डोंबल! इथे आलं." त्यांनी टाच जमिनीवर आपटली, मग मनगट दाखवलं. "खुर्चीतून वर. मला वाटलं, पाळणा ओढला. वळून बघते तर पाळणा गप्प, आणि ही बया टक्क डोळे उघडून हसत पडलेली."

 आभार मानणं म्हणजे घरच्या माणसाला परकं करणं. ती सासूबाईंशेजारी फरशीवर बसली, गोटीला परत त्यांच्या मांडीवर ठेवून तिच्या तोंडातून ओला गुंडा सोडवला आणि सुटलेली लोकर गुंडाळायला लागली. गुंडाळत गुंडाळत बाहेरच्या खोलीपर्यंत गेली. पाळण्याची गाठ आली तिथे थांबली. ती गाठ तिने सोडली नाही. ओढून पाहिली, पक्की केली.

गुरुवारी घाईचा फोन आला.

"डावीकडे एकच सूर ठेवलास?"

"हो."

"बाकी काही नाही?"

"नाही."

घाईने श्वास घेतला. 

"ध्वनीवाला पुन्हा वायर तपासायला उठला होता," घाई म्हणाली. "तेवढ्यात तो सूर आला. मग बसला बिचारा परत."

सिनेमा महोत्सवात लागला तोवर गोटीला खालचे दोन दात आले होते. प्रेक्षागृह लहान होतं, जुनं, लाकडी हातांच्या खुर्च्यांचं. सगळं घरच आलं होतं. सगळ्यांत डावीकडे, दाराजवळ, तिचा नवरा बसला होता. गोटी रडलीच तर पटकन उठता यावं म्हणून, खांद्यावर गोटीला घेऊन. त्याच्या शेजारी सासूबाई. त्यांच्या शेजारी ती. पुढच्या रांगेत घाई होती. तिला एरवी एका जागी बसता येत नव्हतं, पण त्या दिवशी बसली होती.

"यंत्र घातलंत का, आई?" तिने खुणेनेच विचारलं.

सासूबाईंनी पिशवीवर थाप मारली. डबीत आहे. सुरक्षित.

दिवे गेले. सासूबाई बराच वेळ मन लावून चित्रं बघत होत्या, मधूनच पडद्यावरच्या एखादीच्या स्वेटरची वीण निरखून मान डोलावत होत्या. त्या सुराबद्दल तिने त्यांना काहीच सांगितलं नव्हतं. सांगण्यासारखं काय होतं? एक सूर, तोही त्यांना ऐकू न येणारा.

शेवटचा प्रसंग आला. मुलगी घरात शिरली. टेबल, दार, काळोख. ती पाणी प्यायली. तिने पेला ठेवला, आणि सगळं प्रेक्षागृह त्या पेल्याबरोबर गप्प झालं.

मग डावीकडून तो सूर आला. फरशीतून, खुर्च्यांच्या पायांतून, लाकडी हातांतून वर.

सासूबाईंचं मनगट उचललं गेलं.

त्या झटकन लेकाकडे वळल्या. अंधारात वाकून त्यांनी गोटीच्या तोंडाशी तोंड नेलं, तिच्या पाठीवर तळवा ठेवला, तो वरखाली होताना पाहिला. मग समाधानाने मागे टेकल्या आणि सुनेच्या डाव्या कानाशी, स्वतःच्या मापाने अगदी हळू, म्हणजे शेवटच्या रांगेपर्यंत स्पष्ट जाईल एवढ्या आवाजात म्हणाल्या,

"झोपलीये. तू ऐक."

ती खुर्चीत आक्रसली, कुणी हसेल, कुणीतरी चुकचुकेल म्हणून. कुणीच हसलं नाही. समोर मुलगी टेबलापाशी तशीच बसून होती. सूर विरत चालला होता. पुढच्या रांगेत घाईने मान वर केली, तिच्या शेजारच्या अनोळखी माणसानेही केली. पण मागे वळून कुणी पाहिलं नाही. सगळे पडद्यावरच्या त्या अर्धवट उघड्या दाराकडे बघत होते, जणू तो आवाज तिथूनच आला होता.